कमांड लाइनवरून उपकरणाची सेटिंग्ज कायमची जतन करणं : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

(कमांड इथे देवनागरीत लिहिल्या आहेत. टर्मिनलवर त्या रोमन अक्षरांतच टाइप करायच्या.)

सेटिंग बदललं, नीट चाललंही. रीस्टार्ट केल्यावर जुनंच परत आलं. असं का होतं?

कारण तुम्ही बदललंत ते फक्त रॅममध्ये, म्हणजे वीज गेली की कोऱ्या होणाऱ्या मेमरीत. बहुतेक उपकरणांत सेटिंग्जच्या दोन प्रती असतात. एक चालू प्रत, जिच्यावर उपकरण या घडीला काम करतंय. दुसरी जतन केलेली प्रत, जी वीज आल्यावर वाचली जाते. ‘सेट’ प्रकारची कमांड पहिल्या प्रतीत बदल करते. दुसरीसाठी वेगळी कमांड द्यावी लागते. ती राहून गेली तर वीज जाईपर्यंत कुणाला पत्ताही लागत नाही. खरा त्रास तोच आहे. चूक आज होते, उघडी पडते कित्येक महिन्यांनी, आणि तोवर तो बदल कुणी, कशासाठी केला होता हेही आठवत नसतं.

सिस्कोच्या राउटरवर या दोन प्रतींना सरळ नावंच आहेत: रनिंग-कॉन्फिग आणि स्टार्टअप-कॉन्फिग. ‘कॉपी रनिंग-कॉन्फिग स्टार्टअप-कॉन्फिग’ ही पूर्ण कमांड. रोजच्या कामात लोक जुनी ‘राइट मेमरी’ वापरतात, तीही ‘डब्ल्यूआर’ एवढीच टाइप करून.

मग बदल केल्याबरोबर उपकरण स्वतःहून जतन का करत नाही?

अनेकांना हा बनवणाऱ्यांचा आळस वाटतो. मला ही या सगळ्या प्रकारातली सर्वांत कामाची सोय वाटते.

समजा, लांबच्या राउटरवर एसएसएचने (दुरून कमांड देण्याच्या सोयीने) शिरून तुम्ही फायरवॉलचा एक नियम घातला आणि त्या नियमाने तुमचंच कनेक्शन तोडलं. जतन केलं नसेल तर तिथल्या कुणालाही फोन करून वीज बंद-चालू करायला सांगा. राउटर जुन्या सेटिंगवर येईल. जतन केलं असेल तर कन्सोल केबल घेऊन स्वतः जा. सेट आणि सेव्ह यांच्यामधली ही फट मुद्दाम वापरायची असते. सिस्कोवर जोखमीच्या बदलाआधी ‘रीलोड इन १०’ द्या, म्हणजे दहा मिनिटांनी राउटर आपोआप रीस्टार्ट होईल. बदल करा, तपासा, सगळं ठीक असेल तर ‘रीलोड कॅन्सल’ करा आणि मगच जतन करा. जुनिपरवर हीच गोष्ट ‘कमिट कन्फर्म्ड’ करते: दहा मिनिटांत दुसऱ्यांदा ‘कमिट’ आलं नाही तर बदल मागे घेतले जातात.

सगळीकडे ही फट नसते. मायक्रोटिकचं राउटरओएस बदल लगेच जतन करतं. म्हणून तिथे कंट्रोल-एक्सने सुरू होणारा सेफ मोड दिलेला आहे. तो चालू असताना कनेक्शन तुटलं तर त्या सत्रातले बदल रद्द होतात. सीएनसी मशीन चालवणाऱ्या जीआरबीएल या फर्मवेअरमध्येही ‘$१००=२५०’ असं लिहून एंटर मारलं की किंमत थेट ईईप्रॉममध्ये, म्हणजे वीज गेल्यावरही टिकणाऱ्या मेमरीत जाते. तिथे हात लावण्याआधी ‘$$’ देऊन सगळी यादी फाइलमध्ये उतरवून घ्यावी, कारण मागे फिरण्याचा तेवढाच रस्ता असतो.

जतन करायची कमांड कुठल्या उपकरणाला कोणती?

एकच एक नाव नाही, हेच दुखणं. मोडेमवर ‘एटी&डब्ल्यू’ दिलं की चालू सेटिंग्ज मोडेमच्या मेमरीत जातात, आणि ‘एटीझेड’ने ती परत वाचली जातात. मार्लिन हे फर्मवेअर चालवणाऱ्या थ्रीडी प्रिंटरवर ‘एम५००’ जतन करतं, ‘एम५०१’ परत वाचतं, ‘एम५०३’ नुसतं दाखवतं. छोट्या बोर्डांवर ऑपरेटिंग सिस्टिम सुरू करून देणाऱ्या यू-बूटमध्ये ‘सेटएनव्ही’नंतर ‘सेव्हएनव्ही’. ब्रॉडकॉम चिपच्या अनेक राउटरवर, त्यात डीडी-डब्ल्यूआरटी आणि टोमॅटो ही राउटरवर चढवायची पर्यायी फर्मवेअरसुद्धा आली, ‘एनव्हीरॅम सेट’नंतर ‘एनव्हीरॅम कमिट’. ड्रोनवरच्या बीटाफ्लाइटच्या कमांड लाइनमध्ये ‘सेव्ह’. तिथे ‘एक्झिट’ म्हटलं तर केलेलं सगळं वाया. मॉनिटरसाठी ‘डीडीसीयूटिल एससीएस’. यू-ब्लॉक्सच्या जीपीएस मॉड्यूलसाठी जीपीएसडीसोबत येणाऱ्या ‘यूबीएक्सटूल’ला ‘-पी सेव्ह’ द्यायचं.

ओपनडब्ल्यूआरटी या राउटरवरच्या लिनक्सचं मात्र थोडं निराळं आहे. ‘यूसीआय सेट’ने केलेला बदल आधी ‘/टीएमपी/.यूसीआय’मध्ये थांबतो, म्हणजे रॅममध्येच. ‘यूसीआय चेंजेस’ने तो दिसतो, ‘यूसीआय रिव्हर्ट’ने पुसता येतो, ‘यूसीआय कमिट’ने ‘/ईटीसी/कॉन्फिग’मधल्या फाइलीत जातो. पण कमिटनंतरही ती सेवा जुन्याच सेटिंगवर चालू असते, रीलोड करेपर्यंत. इथली तक्रार त्यामुळे उलटी येते: जतन झालंय, पण लागू होत नाही. कमिट करून काही बदललं नाही म्हणून लोक तीच किंमत तीनतीनदा लिहितात, आणि हवं असतं फक्त ‘रीलोड_कॉन्फिग’.

सेटिंग नक्की कुठे जाऊन बसतं?

जुन्या पीसीत बॅटरीवर जगणाऱ्या सीमॉस रॅममध्ये. १९८४च्या आयबीएम पीसी-एटीमध्ये मोटोरोलाची एमसी१४६८१८ ही घड्याळाची चिप होती. तिच्यातल्या ६४ बाइटपैकी १४ घड्याळाकडे गेल्यावर ५० बाइट सेटिंग्जसाठी उरत. बॅटरी संपली की सगळं कोरं. नंतर ईईप्रॉम आणि फ्लॅश आले, त्यांना बॅटरी लागत नाही. ईईप्रॉममध्ये एकेक बाइट बदलता येतो. फ्लॅशमध्ये मात्र आधी अख्खा ब्लॉक पुसावा लागतो, मग लिहिता येतं. वापरणाऱ्याला यातला एवढाच भाग उपयोगाचा: फ्लॅशवर एक अक्षर बदलायलाही आजूबाजूचा बराच मजकूर पुन्हा लिहिला जातो, आणि नेमकी त्याच वेळी वीज जाणं महागात पडतं.

डिस्कचं सेटिंग बदललं तर ते टिकतं का?

डिस्क कोणती आणि टूल कोणतं यावर ते ठरतं. मला यातलं ‘एसडीपार्म’ सर्वांत प्रामाणिक वाटतं, कारण ते सगळ्या प्रती एका ओळीत मांडतं. राइट कॅशेचं (लिहायचा मजकूर डिस्कने आधी तात्पुरत्या मेमरीत ठेवण्याचं) सेटिंग पाहायला ‘एसडीपार्म --गेट=डब्ल्यूसीई /डेव्ह/एसडीए’ दिलं की साधारण अशी ओळ येते:

डब्ल्यूसीई १ [सीएचए: वाय, डीईएफ: १, एसएव्ही: १]

पहिला आकडा म्हणजे आत्ताची किंमत. ‘सीएचए: वाय’ म्हणजे ती बदलता येते. ‘डीईएफ’ कारखान्यातली, ‘एसएव्ही’ जतन केलेली. आता ‘--सेट=डब्ल्यूसीई=०’ द्या आणि पुन्हा पाहा: पहिला आकडा शून्य झालेला असेल, ‘एसएव्ही’ मात्र १च. म्हणजे पुढच्या वेळी वीज आली की कॅशे पुन्हा चालू. त्याच कमांडला ‘--सेव्ह’ जोडलं की दोन्ही आकडे शून्य होतात. जतन झालं की नाही हे ओळखायला रीस्टार्टचीही गरज नाही, ‘एसएव्ही’चा आकडा वाचला की झालं. सगळ्या उपकरणांनी असं दाखवलं असतं तर हे पान लिहायची वेळ आली नसती.

एनव्हीएमई डिस्कसाठी ‘एनव्हीएमई सेट-फीचर’ला ‘--सेव्ह’ जोडता येतं. वाचताना ‘गेट-फीचर’ला ‘--सेल’ने सांगायचं की कोणती प्रत हवी: ० आत्ताची, १ मूळची, २ जतन केलेली. ३ दिलं तर हे फीचर जतन करता येतं की नाही तेच कळतं, आणि हा प्रश्न आधी विचारलेला बरा, कारण प्रत्येक फीचर जतन होतंच असं नाही. ‘एचडीपार्म’ने साटा डिस्कवर केलेले बदल साधारणपणे वीज गेली की जातात.

लिनक्समधून ‘एफडब्ल्यू_सेटएनव्ही’ चालवताना ‘बॅड सीआरसी’चा इशारा येतो. पुढे जाऊ का?

नाही. अजिबात नाही.

यू-बूट आपली सेटिंग्ज फ्लॅश किंवा ईएमएमसीच्या एका ठरावीक जागी ठेवतं आणि सुरुवातीच्या चार बाइटमध्ये त्या सगळ्याचा सीआरसी-३२ (मजकूर शाबूत आहे का ते तपासायचा आकडा) लिहितं. ‘एफडब्ल्यू_प्रिंटएनव्ही’ आणि ‘एफडब्ल्यू_सेटएनव्ही’ यांना ती जागा आपोआप माहीत नसते, ती ‘/ईटीसी/एफडब्ल्यू_एनव्ही.कॉन्फिग’ या फाइलीतून कळते: कोणतं डिव्हाइस, कुठून सुरुवात, आकार किती. यातला एखादा आकडा चुकला की टूल भलत्याच जागेचे बाइट वाचतं, सीआरसी जुळत नाही, आणि ते ‘बॅड सीआरसी, यूझिंग डीफॉल्ट एन्व्हायर्नमेंट’ असं सांगून स्वतःमध्ये कंपाइल केलेली मूळ यादी दाखवतं. फसगत होते ती इथे. यादी अगदी खरी वाटते, ‘बूटसीएमडी’ असतं, ‘बूटडिले’ असतं. तुम्ही त्यात एक किंमत बदलून जतन करता आणि टूल ती अख्खी यादी त्या चुकीच्या जागी लिहून मोकळं होतं. तिथे कर्नल (लिनक्सचा गाभा) असू शकतो, खुद्द यू-बूट असू शकतं.

आकाराचा आकडाही बारकाईने पाहा. सीआरसी पूर्ण आकारावर काढलेला असतो, त्यामुळे सुरुवात बरोबर पण आकार चुकीचा असेल तरी हाच इशारा येतो. खात्री करायची साधी रीत: सिरियल कन्सोलवरून यू-बूटच्या प्रॉम्प्टवर ‘प्रिंटएनव्ही’ची यादी घ्या, लिनक्समधून ‘एफडब्ल्यू_प्रिंटएनव्ही’ची घ्या, दोन्ही ताडून पाहा. इशारा न येता दोन्ही जुळल्या तरच लिहायचं.

एक अपवाद आहे. कोऱ्या बोर्डावर आजवर कुणी ‘सेव्हएनव्ही’ केलंच नसेल तर जागा बरोबर असूनही सीआरसी चुकीचाच दिसेल. अशा वेळी यू-बूटच्या प्रॉम्प्टवरूनच एकदा ‘सेव्हएनव्ही’ करून घ्या.

मॅकवर ‘एनव्हीरॅम’ कमांडने किंमत लिहिली, बटण दाबून जबरदस्तीने बंद केला, किंमत गायब. का?

या कमांडच्या मॅन पेजमध्येच लिहिलं आहे की बदल नीट रीस्टार्ट किंवा शटडाउन केल्यावरच जतन होतात. ‘एनव्हीरॅम -पी’ने सगळी यादी दिसते, लिहायला ‘सुडो’, म्हणजे प्रशासकाचे अधिकार लागतात. काही किंमती मॅकचं सिस्टिम इंटिग्रिटी प्रोटेक्शन हे संरक्षण लिहू देत नाही, तिथे ‘सुडो’चाही इलाज चालत नाही.

यूईएफआयची व्हेरिएबल लिनक्समधून फाइलीसारखी दिसतात. मग थेट लिहिली, पुसली तर चालेल का?

दिसतात खरी, ‘/सिस/फर्मवेअर/ईएफआय/ईएफआयव्हार्स’मध्ये. पण त्या साध्या फाइली नव्हेत, यूईएफआय म्हणजे संगणक सुरू करणाऱ्या फर्मवेअरच्या नोंदी आहेत. प्रत्येकीचे पहिले चार बाइट म्हणजे गुणधर्म: १चा बिट लावला तर व्हेरिएबल वीज गेल्यावरही टिकतं, २चा बिट बूटच्या काळातल्या वापरासाठी, ४चा बिट ऑपरेटिंग सिस्टिम चालू असतानाच्या वापरासाठी. तिन्ही मिळून ७, म्हणून कायमच्या व्हेरिएबलच्या सुरुवातीला ०७ ०० ०० ०० दिसतं. स्वतःच्या स्क्रिप्टमध्ये हे चार बाइट विसरले की तुमच्या मजकुराचे पहिले चार बाइट गुणधर्म म्हणून वाचले जातात.

पुसण्याबद्दल मात्र गंभीर राहा. २०१६मध्ये हे उघड झालं की रूट (सगळे अधिकार असलेला वापरकर्ता) म्हणून मुळापासून सगळं पुसणारी ‘आरएम’ कमांड चालवली की ही व्हेरिएबलही जातात, आणि काही मशिनं त्यानंतर चालूच होत नाहीत. फर्मवेअरला आपलीच किंमत सापडत नाही. तेव्हापासून कर्नलने बहुतेक व्हेरिएबलना बदल-बंदीची खूण लावली. ‘चॅटर -आय’ने ती काढता येते, पण ती खूण कशासाठी आहे ते ठाऊक असल्याशिवाय काढू नये. आधी २०१३मध्ये जागा फार भरल्यामुळे काही लॅपटॉप बंद पडले होते, म्हणून कर्नल सुमारे ५ केबी जागा राखून ठेवतो. बूटचा क्रम बदलण्यापुरतं काम असेल तर ‘ईएफआयबूटएमजीआर’ वापरा आणि फाइलींना हात लावू नका.

किती वेळा लिहिलं की मेमरी निकामी होते?

आर्डुइनो उनोवरच्या एटीमेगा३२८पी या चिपच्या माहितीपत्रकात ईईप्रॉमसाठी १,००,००० आणि फ्लॅशसाठी १०,००० वेळा लिहिण्या-पुसण्याची हमी आहे. माणसाने हाताने दिवसाला दहा वेळा जतन केलं तर एक लाखाला सत्तावीस वर्षं लागतील, काळजी नको. स्क्रिप्टचं गणित मात्र वेगळं. मिनिटाला एकदा लिहिणारी स्क्रिप्ट दिवसाला १,४४० वेळा लिहिते आणि सत्तर दिवसांच्या आत तो आकडा गाठते. क्रॉनमध्ये (ठरावीक वेळी आपोआप कमांड चालवणाऱ्या सोयीत) ‘सेट’ आणि ‘कमिट’ असं जोडीने टाकून देणाऱ्यांनी हे एकदा कागदावर मांडून पाहावं.

उपाय सोपा आहे: आधी वाचा, किंमत तीच असेल तर लिहू नका. आर्डुइनोची ‘ईईप्रॉम.अपडेट’ हेच करते, ‘ईईप्रॉम.राइट’ करत नाही. आणि पाच किंमती बदलायच्या असतील तर पाच वेळा सेट करून शेवटी एकदाच कमिट करा.

ईएसपी३२वर नवं फर्मवेअर चढवलं तरी जुनीच सेटिंग्ज येतात. उलट कधी सगळंच उडतं.

ईएसपी३२ या वायफायवाल्या मायक्रोकंट्रोलरवर या दोन्हींचं मूळ एकच. सेटिंग्ज एनव्हीएस नावाच्या वेगळ्या पार्टिशनमध्ये असतात. नेहमीच्या पार्टिशन टेबलात ते ०एक्स९००० पासून २४ केबीचं असतं. नुसतं अ‍ॅप चढवताना त्याला धक्का लागत नाही, म्हणून जुनी किंमत राहते. ‘ईएसपीटूल’ची ‘इरेझ_फ्लॅश’ दिली की अख्खी फ्लॅश पुसली जाते आणि वायफायचा पासवर्डही जातो.

बऱ्याच बोर्डांवर एकदम सेटिंग्ज भरायची असतील तर सीएसव्ही फाइल करून ‘एनव्हीएस_पार्टिशन_जेन’ने तिची बिन फाइल बनवा आणि ‘राइट_फ्लॅश ०एक्स९०००’ने चढवा. कीचं नाव १५ अक्षरांपेक्षा मोठं चालत नाही, आणि कोडमधून लिहीत असाल तर शेवटी ‘एनव्हीएस_कमिट’ हवंच.

लिहिताना वीज गेली तर?

चांगल्या रचनेत दोन प्रती आळीपाळीने लिहिल्या जातात. एक अर्धवट राहिली तर दुसरी शाबूत असते. यू-बूटमध्ये ‘रिडंडंट एन्व्हायर्नमेंट’ हा पर्याय याचसाठी आहे. स्वतःचा बोर्ड बनवत असाल तर तो चालू ठेवा, चार केबी वाचवण्याच्या नादात बंद करू नका.

प्रॉम्प्ट परत आला म्हणजे लिहून झालं, असंही समजू नका. आयटूसी या दोन तारांच्या जोडणीवर बसणाऱ्या २४ मालिकेतल्या ईईप्रॉमना लिहिणं पुरं करायला सुमारे ५ मिलीसेकंद लागतात आणि तेवढा वेळ चिप उत्तरच देत नाही. ‘आयटूसीसेट’ लूपमध्ये धडाधड चालवल्यावर मधल्याच कुठल्यातरी बाइटला एरर येते ती यामुळे. मध्ये थोडं थांबा. फाइलसिस्टिमवर लिहिलं असेल तर वीज काढण्याआधी ‘सिंक’ द्या.

जतन झालं हे पक्कं कसं ओळखायचं?

थंड रीस्टार्टने. उपकरण नीट बंद करा, वीज पूर्ण काढा, थोडं थांबा, पुन्हा लावा आणि मग सेटिंग वाचा. नुसतं ‘रीबूट’ पुरत नाही. त्यात डिस्क किंवा कार्डाची वीज तुटतेच असं नाही, त्यामुळे जतन न झालेलं सेटिंगही टिकलेलं दिसू शकतं.

बॅकअप कसा घ्यावा?

जतन करण्याआधी, नंतर नव्हे. ‘एनव्हीरॅम शो’, ‘एम५०३’, बीटाफ्लाइटचं ‘डिफ ऑल’ यांचं जे छापून येईल ते तारखेच्या नावाच्या फाइलीत टाका. दोन तारखांच्या फाइली ‘डिफ’ला दिल्या की काय बदललं ते लगेच दिसतं.

दोन सूचना. या फाइलीत पासवर्ड उघडे असू शकतात, त्यामुळे मदत मागताना ती जशीच्या तशी कुठे चिकटवू नका. आणि एका राउटरचा ‘एनव्हीरॅम’ दुसऱ्यात ओतू नका. त्यात मॅक अ‍ॅड्रेस आणि रेडिओचं कॅलिब्रेशन असतं, ते त्या एकाच बोर्डाचं.

फॅक्टरी रीसेट केलं तरी जुनी सेटिंग्ज परत आली!

रीसेटचंही तेच: तेसुद्धा अनेकदा रॅममध्येच होतं. मार्लिनवर ‘एम५०२’ मूळ किंमती रॅममध्ये आणतं; ‘एम५००’ दिलं नाही तर पुढच्या वेळी ईईप्रॉममधल्या जुन्याच येतील. यू-बूटमध्ये ‘एनव्ही डीफॉल्ट -ए’नंतर ‘सेव्हएनव्ही’. सिस्कोवर चाल उलटी: ‘राइट इरेझ’ जतन केलेली प्रत पुसतं, चालू प्रत तशीच राहते, म्हणून नंतर ‘रीलोड’ करायचं आणि मध्ये जतन करू का असं विचारलं तर ‘नो’ म्हणायचं. तिथे ‘येस’ म्हणून पुसलेलं पुन्हा लिहिणारे कमी नाहीत.

सिस्कोचा पासवर्डच विसरला असेल तर कॉन्फिग रजिस्टर ०एक्स२१४२ करून बूट करा. राउटर स्टार्टअप-कॉन्फिग वाचतच नाही. काम झाल्यावर ०एक्स२१०२ परत लावायला विसरू नका, नाहीतर दर रीस्टार्टला राउटर कोराच उठेल.

आमच्या उपकरणात जतन करायची सोयच नाही. मग?

मग आठवण ठेवायचं काम संगणकाकडे द्या. साउंड कार्डाचा आवाज याच रीतीने टिकतो: ‘एएलएसएसीटीएल स्टोअर’ किंमती डिस्कवरच्या फाइलीत ठेवतं आणि बूटच्या वेळी ‘रिस्टोअर’ त्या परत लावतं. ‘स्मार्टसीटीएल’ने लावलेली एरर रिकव्हरीची मुदत अनेक डिस्क वीज गेल्यावर विसरतात, यूएसबी कॅमेऱ्याला ‘व्ही४एल२-सीटीएल’ने दिलेल्या किंमतींचीही हीच गत होते.

अशा वेळी सिस्टिमडीच्या (लिनक्समध्ये सेवा सुरू करणाऱ्या प्रोग्रामच्या) सर्व्हिसपेक्षा यूडेव्हचा (उपकरण जोडलं की दखल घेणाऱ्या प्रोग्रामचा) नियम बरा. सर्व्हिस बूटच्या वेळी एकदा चालते. कॅमेरा मध्येच काढून परत लावला तर तिला कळतही नाही. यूडेव्हचा नियम उपकरण जोडलं जाईल त्या प्रत्येक वेळी लागू होतो. डिस्कच्या बाबतीत अजून एक भानगड उरते: मशीन झोपेतून उठतं तेव्हा डिस्कची वीज गेलेली असते, पण ती नव्याने जोडली गेली असं यूडेव्हला वाटत नाही. म्हणून सिस्टिमडीच्या ‘सिस्टिम-स्लीप’ फोल्डरमध्ये तीच कमांड देणारी छोटी स्क्रिप्ट ठेवा आणि ती ‘पोस्ट’ हा शब्द आला तरच चालेल अशी करा.